अर्ध्या पेनीचं दैनिक आणि त्याचा संपादक

इंग्लंडच्या उत्तर भागात डार्लिंग्टन नावाचं गाव आहे. १८७१ मध्ये तिथल्या ‘नॉर्दर्न एको’ या दैनिकाचं संपादकपद एका २१ वर्षांच्या कारकुनाकडे चालून आलं. त्याचं नाव विल्यम थॉमस स्टेड. न्यूकॅसलच्या धक्क्यावर एका व्यापाऱ्याच्या पेढीत तो नोकरी करत होता. वर्तमानपत्राच्या कचेरीत त्याने तोवर पाऊलसुद्धा ठेवलं नव्हतं. पुढच्या पाच वर्षांत या गावच्या दैनिकाची दखल थेट ब्रिटनच्या माजी पंतप्रधानाला घ्यावी लागली. लंडनच्या बड्या पत्रांना बिचकत बोलायची सवय होती, त्या विषयावर हे छोटं पत्र गर्जत होतं आणि लोक ऐकत होते.

हे कसं घडलं? स्टेडची प्रतिभा हे उत्तर खरं आहे, पण अपुरं आहे. तो वीस वर्षं आधी जन्मला असता तर त्याला हे करता आलं नसतं, कारण तेव्हा डार्लिंग्टनसारख्या गावात दैनिक निघणंच शक्य नव्हतं. म्हणून आधी पैशांचा हिशोब बघू.

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ब्रिटिश सरकार वर्तमानपत्रांवर तीन कर घेत असे. पहिला मुद्रांक. १८१५ पासून प्रत्येक अंकामागे ४ पेन्स. दुसरा जाहिरातींवरचा आणि तिसरा कागदावरचा. महसूल हे एक कारण होतं, पण खरा हेतू गरिबांच्या हाती राजकारण पडू नये हा होता. चार पेन्स नुसता कर भरायचा म्हटल्यावर अंकाची किंमत मजुराच्या आवाक्याबाहेर जाणारच. सुधारकांनी याला ‘ज्ञानावरचे कर’ असं नाव दिलं आणि कित्येक वर्षं त्याविरुद्ध चळवळ केली. मुद्रांक १८३६ मध्ये १ पेनीवर आला. मग १८५३ मध्ये जाहिरातकर गेला, १८५५ मध्ये मुद्रांक आणि १८६१ मध्ये कागदावरचा कर. हा शेवटचा कर काढला तो तेव्हाचा अर्थमंत्री ग्लॅडस्टन याने. हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

परिणाम लगेच दिसला. लंडनबाहेर तोवर बहुतेक साप्ताहिकंच निघत. मुद्रांक गेला त्याच वर्षी ‘मँचेस्टर गार्डियन’ दैनिक झालं, लिव्हरपूलला आणि शेफील्डला नवी दैनिकं सुरू झाली.

तरी बातम्यांचा प्रश्न उरला होता. संसदेतलं भाषण, परदेशातली लढाई, लंडनच्या बाजारातले भाव हे सगळं गावाला कळायचं ते लंडनचं पत्र आगगाडीने आल्यावर. तारायंत्र होतं, पण ते खासगी कंपन्यांच्या हातात होतं आणि त्या पत्रांना मन मानेल तशा बातम्या, मन मानेल त्या दराने देत. १८७० मध्ये सरकारने तारायंत्रं टपाल खात्याकडे घेतली आणि पत्रांसाठी खास दर ठरवला. संध्याकाळी ६ ते सकाळी ९ या वेळात १०० शब्दांना १ शिलिंग, म्हणजे १२ पेन्स. गंमत पुढच्या अटीत आहे. तोच मजकूर दुसऱ्या पत्त्यावर पाठवायचा असेल तर त्याला फक्त २ पेन्स जादा. म्हणजे प्रांतातल्या पत्रांनी एकत्र येऊन एकच बातमी मागवली तर प्रत्येकाच्या वाट्याला किरकोळ खर्च. अशी एकजूट त्यांनी आधीच केली होती. ‘प्रेस असोसिएशन’ ही वृत्तसंस्था १८६८ मध्ये प्रांतिक पत्रांच्या मालकांनी याचसाठी काढली. आता मध्यरात्री संसदेत झालेलं भाषण पहाटे डार्लिंग्टनच्या छापखान्यात खिळ्यांत जुळवलं जाऊ लागलं. लंडनचं पत्र गाडीने येऊन पोहोचायच्या आत गावचं पत्र घरोघर गेलेलं असे.

‘नॉर्दर्न एको’चा पहिला अंक १ जानेवारी १८७० चा. तो काढला जॉन हिस्लॉप बेल याने आणि त्याच्या पाठीशी पीझ घराणं होतं. डार्लिंग्टन म्हणजे पीझ असं समीकरणच होतं. हे क्वेकर पंथाचे उद्योगपती. १८२५ मध्ये सुरू झालेल्या स्टॉकटन–डार्लिंग्टन रेल्वेमागे त्यांचाच पैसा आणि जिद्द. पक्ष लिबरल. अंकाची किंमत ठेवली अर्धी पेनी. एका पौंडात २४० पेन्स, म्हणजे एका पौंडात ४८० अंक आले असते. देशातलं अर्ध्या पेनीचं हे पहिलं सकाळचं दैनिक. आणि गाव छोटं असलं तरी रेल्वेचं जंक्शन होतं. पहाटेच्या गाड्यांनी अंक डरहॅमच्या कोळसा खाणींच्या वस्त्यांत, टीस नदीकाठच्या लोखंडाच्या कारखान्यांत, यॉर्कशरच्या उत्तरेकडच्या खेड्यांत जात. गावापेक्षा पत्राचा वाचकवर्ग कितीतरी मोठा होता, हे विसरलं की स्टेडची गोष्ट चमत्कारासारखी वाटायला लागते.

स्टेडचा जन्म ५ जुलै १८४९ चा, नॉर्थम्बरलंडमधल्या एम्बल्टनचा. वडील काँग्रिगेशनल पंथाचे धर्मोपदेशक. इथे थोडं थांबून सांगायला हवं. इंग्लंडच्या राजमान्य चर्चला न जुमानणारे अनेक प्रॉटेस्टंट पंथ होते. बाप्टिस्ट, क्वेकर, काँग्रिगेशनल, मेथडिस्ट. त्यांची साधी प्रार्थनाघरं असत, त्यांना चॅपेल म्हणत. या लोकांना बराच काळ दुय्यम वागणूक मिळाली. ऑक्सफर्ड आणि केंब्रिजचे दरवाजे त्यांना पूर्णपणे उघडले ते १८७१ मध्ये, म्हणजे स्टेड संपादक झाला त्याच वर्षी. उत्तरेतले खाणकामगार, दुकानदार, कारागीर मोठ्या संख्येने या चॅपेलचे. तिथे उपदेश ऐकायचा, स्वतः उभं राहून बोलायचं, लहान मुलांना शिकवायचं, सभा भरवायच्या, वर्गणी गोळा करायची, हे सगळं अंगवळणी पडलेलं. राजकीय सभा भरवायला वेगळं प्रशिक्षण लागत नसे.

स्टेड याच वातावरणातला. टाइन नदीकाठच्या हाऊडन गावी तो वाढला. वडिलांनी घरीच शिकवलं, लॅटिनही लहानपणीच. शाळा जेमतेम दोन वर्षं, वेकफील्डजवळच्या सिलकोट्स इथे. चौदाव्या वर्षी नोकरी. संध्याकाळी वाचन आणि गरीब मुलांसाठी रविवारचे वर्ग. ‘नॉर्दर्न एको’ निघाल्यावर त्याने विनामोबदला लेख पाठवायला सुरुवात केली. त्यातलं बळ बघूनच त्याला संपादकपद विचारण्यात आलं. एप्रिल १८७१ मध्ये एका धर्मोपदेशक स्नेह्याला त्याने लिहिलं की सैतानावर हल्ला चढवायची केवढी नामी संधी आहे ही! पुढच्या चाळीस वर्षांत त्याने जे जे केलं ते या एका वाक्यात आलेलं आहे, त्यातला धोकासुद्धा. सैतानाशीच लढायचं म्हटलं की साधनांचा विचार मागे पडतो.

काम शिकायला तो लीड्सला गेला आणि ‘लीड्स मर्क्युरी’चा संपादक वेमिस रीड याचा सल्ला घेतला. रीडही तरुणच, पण कसलेला. प्रांतातल्या संपादकांचं असं एक गोत होतं. एकमेकांची पत्रं ते रोज वाचत, त्यातून मजकूर कापून घेत आणि वादही घालत.

संपादक दिवसभर करायचा काय? मुख्य काम अग्रलेख. त्या काळी अग्रलेखाखाली नाव नसे, ‘आम्ही’ म्हणून लिहिलं जाई. म्हणजे बोलतो तो पत्राचा आवाज, अमुक गृहस्थाचा नाही. तारेने आलेल्या ढिगातून काय घ्यायचं, काय फेकायचं, कशाला किती जागा द्यायची, हे ठरवणं दुसरं काम. वार्ताहर थोडे, पाने चार, त्यांत जाहिराती, बाजारभाव, कोर्टाच्या बातम्या, नगरपालिकेच्या सभा. खपासाठी गुन्ह्यांच्या बातम्याही लागत आणि स्टेडने त्या टाळल्या नाहीत. १८७२–७३ मध्ये जवळच्याच वेस्ट ऑकलंडच्या मेरी ॲन कॉटनवर विषप्रयोगाने खून केल्याचा खटला चालला. मार्च १८७३ मध्ये डरहॅमला तिला फाशी झाली. त्याचे रकानेच्या रकाने पत्रात आले. नैतिकतेचा आग्रह आणि थरारक बातमीची नजर या दोन गोष्टी स्टेडमध्ये सुरुवातीपासून एकत्र होत्या.

१८७३ मध्ये त्याने एमा लूसी विल्सनशी लग्न केलं. ती लहानपणापासूनची शेजारीण. त्यांना सहा मुलं झाली. गावाबाहेर ग्रेनी हिल इथे घर, थोडी जमीन, आणि कचेरीत यायला तट्टू. लंडनच्या संपादकांची ऊठबस क्लबात आणि मंत्र्यांच्या मेजवान्यांत असे. स्टेडची खाणकामगार, पाद्री आणि दुकानदार यांच्यात. माझ्या मते त्याच्या डार्लिंग्टनमधल्या ताकदीचं मूळ इथे आहे. कोणत्या मंत्र्याला काय आवडेल हे त्याला ठाऊक नव्हतं आणि ते ठाऊक करून घ्यायची गरजही नव्हती. वाचकाला काय टोचेल हे मात्र तो ओळखून होता.

१८७६ मध्ये याची परीक्षा झाली. बल्गेरिया तेव्हा तुर्की साम्राज्यात होता. त्या वसंतात तिथे उठाव झाला आणि तो चिरडायला बाशी-बझूक नावाच्या बेबंद टोळ्या सोडण्यात आल्या. गावंच्या गावं कापली गेली. बटाक हे त्यातलं सर्वांत भयानक नाव. चौकशीला गेलेल्या ब्रिटिश अधिकाऱ्याने, वॉल्टर बेअरिंगने, एका प्रांतातला बळींचा आकडा सुमारे १२,००० दिला. लंडनच्या ‘डेली न्यूज’ने २३ जूनला पहिली बातमी छापली आणि ऑगस्टमध्ये त्यांचा वार्ताहर मॅकगॅहन याने प्रत्यक्ष बटाकहून वृत्तान्त पाठवले.

पंतप्रधान डिझरेलीला ही ब्याद नको होती. तुर्की साम्राज्य मोडलं तर रशिया भूमध्य समुद्राकडे सरकेल आणि हिंदुस्थानचा मार्ग धोक्यात येईल, हे त्याच्या धोरणाचं सूत्र. आदल्याच वर्षी त्याने सुएझ कालव्याच्या कंपनीचे शेअर विकत घेतले होते. बातम्यांना त्याने कॉफीच्या दुकानातली बडबड ठरवलं. आपल्या इथल्या माणसांच्या गुलामीच्या रक्षणासाठी दूरच्या एका देशातल्या कत्तलीकडे डोळेझाक होत होती, असा या सगळ्याचा अर्थ मराठी वाचकाला लागला तर तो चुकीचा नाही.

स्टेडने जूनच्या अखेरीपासूनच आग ओकायला सुरुवात केली. आणि नुसतं लिहून तो थांबला नाही. अग्रलेखात निषेध करणारी पत्रं खूप होती. स्टेडने गावोगावच्या पुढाऱ्यांना, चॅपेलच्या धर्मोपदेशकांना स्वतः पत्रं लिहिली, सभा घ्या म्हणून मागे लागला. सभा झाली की तिचा सविस्तर वृत्तान्त छापायचा. तो वृत्तान्त वाचून शेजारच्या गावाला वाटायचं, आपण मागे का? मग तिथे सभा. तिचाही वृत्तान्त. ऑगस्टच्या अखेरीस डार्लिंग्टनला सभा झाली आणि पाठोपाठ उत्तरेत सभांची रांग लागली. वर्तमानपत्राने लोकमत छापायचं सोडून लोकमत उभं करायचं, ही त्या काळात नवी गोष्ट होती. आज कुठल्याही मोहिमेत हीच पद्धत वापरली जाते, म्हणून तिचं नवेपण आपल्याला जाणवत नाही.

ग्लॅडस्टनने १८७५ मध्ये लिबरल पक्षाचं नेतृत्व सोडलं होतं आणि धर्मशास्त्रावर लेखन करत तो घरी बसला होता. उत्तरेतला हा उठाव बघून तो हलला. ६ सप्टेंबर १८७६ ला त्याची बल्गेरियातल्या अत्याचारांवरची पुस्तिका आली आणि महिन्याभरात तिच्या सुमारे २,००,००० प्रती खपल्या. लोकांच्या भावनेला ग्लॅडस्टनने जन्म दिला असं शाळेतल्या इतिहासात वाचायला मिळतं. क्रम उलटा आहे. भावना आधी जागी झाली होती, चॅपेलमधून आणि प्रांतातल्या पत्रांमधून. ग्लॅडस्टन तिच्यावर स्वार झाला. १८८० च्या निवडणुकीत लिबरल जिंकले आणि तो पुन्हा पंतप्रधान झाला.

त्याच वर्षी स्टेड लंडनला गेला. ‘पॉल मॉल गॅझेट’ या सायंदैनिकात जॉन मॉर्लीच्या हाताखाली सहसंपादक आणि १८८३ पासून संपादक. इथे त्याने मुलाखती, ठळक उपशीर्षकं, नकाशे, चित्रं आणली. मॅथ्यू आर्नल्ड या समीक्षकाने १८८७ मध्ये या ‘नव्या पत्रकारिते’त चैतन्य आहे पण डोकं नाही, अशा आशयाची टीका केली.

लंडनमधली त्याची सर्वांत मोठी मोहीम जुलै १८८५ ची. मुलींसाठी संमतीचं वय, म्हणजे शरीरसंबंधाला कायद्याने संमती देता येण्याचं वय, तेव्हा १३ वर्षं होतं. ते वाढवण्याचं विधेयक संसदेत रखडलं होतं. वेश्याव्यवसायासंबंधीच्या अन्यायी कायद्यांविरुद्ध लढणाऱ्या जोसेफीन बटलरबाईंचा स्टेड डार्लिंग्टनपासूनचा पाठीराखा. लंडनमध्ये अल्पवयीन मुली विकत मिळतात हे सिद्ध करायला त्याने स्वतःच एक मुलगी ‘विकत घेतली’. एलायझा आर्मस्ट्राँग, वय १३, किंमत ५ पौंड. तिला कुंटणखान्यात नेण्यात आलं, कौमार्याची तपासणी झाली, गुंगी दिली गेली आणि मग फ्रान्सला सुरक्षित ठिकाणी पाठवण्यात आलं. लेखमालेने लंडन पेटलं. अंक विकायला बड्या विक्रेत्याने नकार दिला तर साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवासंस्थेचे स्वयंसेवक रस्त्यावर उभे राहिले. ऑगस्टमध्ये कायदा झाला, वय १६ झालं. आणि नोव्हेंबरमध्ये स्टेडला तीन महिन्यांची शिक्षा झाली, कारण एलायझाच्या वडिलांची परवानगी घेतलेली नव्हती.

कायदा चांगला झाला, हजारो मुलींना संरक्षण मिळालं. तरी एलायझाला विचारलं कुणी? एका मुलीची यातना सिद्ध करायला दुसऱ्या मुलीला तपासणी आणि गुंगीतून नेलं गेलं, हे मला कुठल्याही हेतूने समर्थनीय वाटत नाही. डार्लिंग्टनमध्ये स्टेड वाचकांना ओळखत होता आणि वाचक त्याला. लंडनच्या गर्दीत एलायझाचं कुटुंब त्याच्यासाठी पुरावा झालं. शिवाय त्याच कायद्यात ऐन वेळी पुरुषांमधल्या समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारं कलम घुसवलं गेलं आणि १८९५ मध्ये त्याखालीच ऑस्कर वाइल्ड तुरुंगात गेला.

संमतिवयाचा हा वाद काही वर्षांत आपल्याकडेही पेटला. मुंबईच्या उच्च न्यायालयात रखमाबाईंचा खटला गाजत होता, बेहरामजी मलबारी बालविवाहाविरुद्ध लिहीत होते आणि १८९० मध्ये तर ब्रिटिश लोकमत वळवायला ते इंग्लंडलाच गेले. १८९१ च्या कायद्याने हिंदुस्थानात वय १० वरून १२ झालं. आगरकर ‘सुधारका’तून कायद्याच्या बाजूने, टिळक ‘केसरी’तून परक्या सरकारच्या हस्तक्षेपाविरुद्ध. पुण्यातला हा सामना वाचणाऱ्यांना इंग्लंडमधल्या सहा वर्षांपूर्वीच्या वादळाची पार्श्वभूमी माहीत असली तर त्यातल्या दोन्ही बाजू अधिक नीट कळतात.

स्टेडचं पुढचं आयुष्य थोडक्यात. १८९० मध्ये त्याने ‘रिव्ह्यू ऑफ रिव्ह्यूज’ हे मासिक काढलं. परलोकविद्येच्या नादाला लागून प्रतिष्ठा गमावली. दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धाला विरोध करून उरलेले वाचकही दुखावले, पण शांततेच्या परिषदांसाठी धावत राहिला. अशाच कामासाठी न्यूयॉर्कला निघाला असताना १५ एप्रिल १९१२ ला टायटॅनिकबरोबर बुडाला. वय ६२.

त्याच्या लिखाणातला सर्वांत विचारात पाडणारा तुकडा मात्र १८८६ चा, तुरुंगात असताना लिहिलेल्या लेखातला. संसदेचा सभासद एकदा निवडून आला की सात वर्षांपर्यंत मतदारांना उत्तर द्यायला बांधील नाही, असं तो म्हणतो. तेव्हा संसदेची कमाल मुदत तेवढी होतीच. संपादकाला मात्र जनतेचा कौल रोज नव्याने घ्यावा लागतो, वाचक रोज खिशातून पैसे काढून मत देतात. म्हणून लोकांचा खरा प्रतिनिधी संपादक.

युक्तिवादात भोकं आहेत. अंक विकत घेणारा प्रत्येक जण अग्रलेखाशी सहमत असतो असं नाही. कुणी बाजारभावासाठी घेतो, कुणी फाशीच्या बातमीसाठी. पण हा विचार डार्लिंग्टनच्या अनुभवातून आलेला आहे आणि तिथे त्याला एक ठोस आधार होता. १८६७ च्या कायद्याने शहरांतल्या बऱ्याच कामगारांना मत दिलं होतं, पण डरहॅमच्या खाणवस्त्या बहुतांशी ग्रामीण मतदारसंघांत येत. तिथल्या कामगारांना मत मिळालं ते १८८४ च्या कायद्याने. बायकांना तर कुठेच नव्हतं. म्हणजे १८७६ च्या त्या उन्हाळ्यात बटाकच्या बातमीने कळवळून सभेला गेलेल्या पुष्कळ माणसांना आपल्या पंतप्रधानाविरुद्ध मत देता येत नव्हतं. अर्धी पेनी देऊन ‘नॉर्दर्न एको’चा अंक घेता येत होता.